बडतर्फी आणि मुदत: वाचकांच्या प्रश्नांना उत्तरे

बडतर्फीविषयी आमच्याकडे येणाऱ्या पत्रांत चौकशी कशी झाली, साक्षीदार कोण होते, साहेबांचा राग कशामुळे होता हे सविस्तर लिहिलेले असते. तारखा मात्र नसतात. न्यायाधिकरण, म्हणजे राज्य कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण (मॅट), आधी तारखा पाहते आणि प्रकरणाचे गुणदोष नंतर. म्हणून या वेळी फक्त विलंबाचे प्रश्न घेतले आहेत. उत्तरे मुख्यतः महाराष्ट्र शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहेत. इतरांचे जिथे वेगळे आहे तिथे तसे सांगितले आहे.

प्रश्न (सांगली): मी राज्य शासनाच्या कार्यालयात कनिष्ठ लिपिक होतो. बडतर्फीचा आदेश १० जून २०२२ रोजी हातात पडला. २० जुलैला अपील केले. त्यावर आजपर्यंत निर्णय नाही. अपील प्रलंबित असताना मॅटची मुदत सुरू होत नाही, असे सहकारी सांगतात. खरे आहे का?

नाही. या समजापायी फार जणांचे नुकसान झाले आहे.

तुमचे अपील वेळेत आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ प्रमाणे आदेशाची प्रत मिळाल्यापासून ४५ दिवसांत अपील करायचे असते. तुमची शेवटची तारीख २५ जुलै २०२२ होती. पुढचे गणित प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० आणि २१ मध्ये आहे. अपिलाचा निर्णय झाला तर त्या अंतिम आदेशापासून एक वर्ष. निर्णय झालाच नाही तर अपील केल्यापासून सहा महिने वाट पाहायची आणि ते सहा महिने संपल्यापासून एक वर्षात मॅटमध्ये बडतर्फीला आव्हान देणारा अर्ज (मूळ अर्ज) दाखल करायचा. म्हणजे अपील केल्याच्या दिवसापासून एकूण १८ महिने.

तुमचे सहा महिने २० जानेवारी २०२३ ला संपले आणि वर्ष २० जानेवारी २०२४ ला. त्यानंतरचा प्रत्येक दिवस विलंबात मोजला जाईल. सहा महिने निर्णय न देणे हा प्राधिकाऱ्याचा दोष खरा, पण कायद्याने त्यावर तुम्हाला उपाय दिला होता: उत्तराची वाट न पाहता मॅटमध्ये जाण्याचा. तो वापरला नाही, म्हणून आता मूळ अर्जासोबत विलंब माफीचा अर्ज लागेल. अपिलाची पोच, नंतर पाठवलेली स्मरणपत्रे आणि कार्यालयाने ‘प्रकरण विचाराधीन आहे’ असे लेखी कळवले असेल तर ते पत्र जोडा. असे पत्र हाती असेल तर प्रकरणात जीव येतो, कारण तुम्हाला थांबायला कार्यालयानेच लावले हे त्यातून दिसते. तोंडी आश्वासनांना इथे काही किंमत नाही.

मधल्या काळात अपिलाचा निर्णय लागलाच आणि तो गुणदोषांवर असला, तर त्या आदेशालाही त्याच अर्जात आव्हान द्या. नियमांनुसार केलेल्या अपिलावरचा आदेश हाच अंतिम आदेश, असा युक्तिवाद तेव्हा करता येतो. तरीही खबरदारी म्हणून विलंब माफीचा अर्ज सोबत असू द्या. लागला नाही तर काही बिघडत नाही; नसला तर मात्र अर्ज पहिल्याच पायरीवर अडतो.

प्रश्न (लातूर): २०१५ साली बडतर्फ झालो. अपील फेटाळले गेले. त्यानंतर मंत्री, सचिव, आयुक्त यांना बरीच निवेदने दिली. गेल्या वर्षी मंत्रालयातून ‘आपली विनंती मान्य करता येत नाही’ असे पत्र आले. या पत्रापासून एक वर्ष धरता येईल ना?

धरता येणार नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने १९८९ साली एस. एस. राठोड विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात हा प्रश्न मिटवला आहे. नियमांत सांगितलेले अपील किंवा निवेदन एकदा निकाली निघाले की घड्याळ सुरू होते. नियमांत नसलेली, पुन्हा पुन्हा दिलेली निवेदने ते थांबवत नाहीत. २००८ च्या सी. जेकब निकालात न्यायालय याच्याही पुढे गेले: जुन्या, मेलेल्या मागणीवर प्रशासनाने उत्तर दिले म्हणून मागणी पुन्हा जिवंत होत नाही. आधी न्यायालयाकडून ‘निवेदनावर निर्णय घ्या’ असा साधा आदेश मिळवायचा आणि नकार आला की त्याला नवे कारण म्हणून आव्हान द्यायचे, ही वाटही त्या निकालाने बंद केली.

तुमची मुदत अपील फेटाळल्याच्या आदेशापासून एक वर्षाची होती. मंत्रालयाचे पत्र जोडायला हरकत नाही, पण फक्त घटनाक्रम दाखवण्यासाठी. त्या पत्राच्या तारखेपासून मोजून ‘अर्ज मुदतीत आहे’ असे अर्जात लिहू नका. ते खोडले गेले की विलंबाचे खरे कारण सांगायची जागाच उरत नाही, कारण विलंब झालाच नाही अशी भूमिका तुम्ही शपथेवर घेतलेली असते.

मंत्रालयात खेपा घालण्यात जो वेळ गेला, तो न्यायाधिकरणाच्या दृष्टीने तुम्ही स्वतः निवडलेला वेळ आहे. हे कडू आहे, पण लिहायलाच हवे.

प्रश्न (अमरावती): मला दोषारोपपत्रच दिले नाही, चौकशी झालीच नाही. असा आदेश मुळातच शून्य असतो आणि शून्य आदेशाला मुदत लागत नाही, असे एका वकिलांनी सांगितले.

पहिला अर्धा भाग बरोबर असू शकतो, दुसरा नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३११(२) प्रमाणे चौकशीशिवाय बडतर्फी करता येत नाही. फौजदारी शिक्षा, चौकशी व्यवहार्य नसणे आणि राज्याची सुरक्षितता हे तीनच अपवाद. तुमच्या आदेशात यांपैकी एकही कारण लेखी नसेल तर बाजू भक्कम आहे. पण १९९१ च्या पंजाब राज्य विरुद्ध गुरदेव सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की आदेश कितीही बेकायदा असला तरी तो शून्य असल्याचे न्यायालयाकडून मुदतीतच ठरवून घ्यावे लागते. तो खटला दिवाणी दाव्याचा होता आणि तिथे मुदत तीन वर्षांची धरली गेली. तुम्ही मॅटच्या कक्षेत असाल तर तुमची मुदत तीन वर्षे नसून एकच वर्ष आहे.

गंभीर बेकायदेशीरपणा विलंब माफीच्या अर्जात कामाला येतो तो असा: प्रथमदर्शनी प्रकरण भक्कम आहे हे दिसले की विलंबाच्या कारणांकडे थोड्या उदार नजरेने पाहिले जाते. म्हणून दोषारोपपत्र न दिल्याचा मुद्दा विलंब माफीच्या अर्जातही दोन परिच्छेदांत मांडा. मात्र ‘चौकशी अहवालाची प्रत मिळाली नाही’ एवढाच मुद्दा असेल तर त्याची ताकद कमी धरा. प्रत न मिळाल्याने आपल्या बचावावर नेमका काय परिणाम झाला हे दाखवावे लागते, असे १९९३ च्या ईसीआयएल विरुद्ध बी. करुणाकर निकालापासून चालत आले आहे. आणि ते दाखवता आले तरी बहुतेक वेळा चौकशी त्या टप्प्यापासून पुन्हा करायला सांगतात. दहा वर्षांनी ती कशी होणार? साक्षीदार निवृत्त झालेले, काही वारलेले, अभिलेख नष्ट झालेले. जुन्या प्रकरणांना न्यायाधिकरणे नाखूश असतात त्यामागे हे व्यावहारिक कारणही आहे.

प्रश्न (नाशिक): लाच प्रकरणात सापळा लागला. विशेष न्यायालयाने शिक्षा दिली, म्हणून मला बडतर्फ केले. सात वर्षांनी उच्च न्यायालयाने निर्दोष सोडले. इतकी वर्षे बडतर्फीला आव्हान दिले नाही. आता उशीर झाला का?

याचे उत्तर तुमच्या बडतर्फीच्या आदेशातल्या एका वाक्यात आहे. तो आदेश काढून वाचा.

‘न्यायालयाने दोषी ठरवल्यामुळे’ एवढ्याच आधारावर बडतर्फी असेल, तर शिक्षा रद्द होताच आदेशाचा पाया जातो. अपिलाच्या निकालापर्यंत शासनाने थांबायची गरज नाही, पण पुढे कर्मचारी सुटला तर आदेशाचा फेरविचार करता येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली एस. नागूर मीरा निकालात म्हटले आहे. तुमच्यासाठी निर्दोष सुटका हेच नवे कारण. निकालाची प्रमाणित प्रत काढा, लगेच शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याकडे पुनःस्थापनेचा अर्ज द्या आणि पोच घ्या. नकार आला तर त्या तारखेपासून एक वर्ष. उत्तर आलेच नाही तर सहा महिन्यांनंतर एक वर्ष. सुटकेनंतर दोन-तीन वर्षे गप्प बसलात तर मात्र हाही दरवाजा लागतो. मागच्या पगाराची आशा कमी ठेवा: अशा प्रकरणांत पुनःस्थापना देऊनही पगार नाकारल्याची उदाहरणे आहेत, १९९६ चा गुजरात विद्युत मंडळाचा निकाल त्यांतलाच. शिवाय शासन सुटकेनंतर विभागीय चौकशी सुरू करू शकते.

पण बडतर्फी स्वतंत्र विभागीय चौकशीनंतर झाली असेल तर चित्र उलटे आहे. फौजदारी खटल्यात सुटल्याने तो आदेश आपोआप कोसळत नाही, कारण दोन्हीकडे पुराव्याची कसोटी वेगळी असते. तिथे मुदत बडतर्फीपासून किंवा अपिलाच्या निर्णयापासूनच चालते. ‘खटल्याच्या निकालाची वाट पाहत होतो’ हे कारण अनेक जण देतात. ते फार क्वचित पुरते. खटला चालू असतानाच मॅटमध्ये अर्ज करायला हवा होता.

प्रश्न (बीड): मला आदेश मिळालाच नाही. पगार बंद झाला तेव्हा चौकशी केली, पण कार्यालयाने काही सांगितले नाही. तीन वर्षांनी माहितीच्या अधिकारात आदेशाची प्रत मिळाली.

बडतर्फीचा आदेश फाइलमध्ये सही करून ठेवला म्हणून लागू होत नाही. तो कर्मचाऱ्यापर्यंत पोहोचावा लागतो. पंजाब राज्य विरुद्ध अमर सिंग हरिका (१९६६) या निकालात १९४९ चा आदेश कर्मचाऱ्याला १९५१ मध्ये कळला होता आणि तो कळल्यापासूनच प्रभावी धरला गेला.

आता कार्यालय काय म्हणेल ते आधीच ओळखा. ‘नोंदणीकृत डाकेने पाठवला, पाकीट परत आले’, किंवा ‘घरावर चिकटवला, पंचनामा आहे’. पाकिटावर ‘घेण्यास नकार’ असा शेरा असेल तर बजावणी झाली असे धरले जाते आणि ते खोडणे अवघड असते. ‘घर बंद’, ‘पत्ता अपूर्ण’ अशा शेऱ्यांवर वाद घालायला जागा आहे. म्हणून माहितीच्या अधिकारात नुसती आदेशाची प्रत मागून थांबू नका. जावक नोंदवहीतले ते पान, परत आलेल्या पाकिटाच्या दोन्ही बाजूंची छायाप्रत, पंचनामा आणि सेवापुस्तकात नोंदवलेला पत्ता हेही मागा. पत्ता बदलल्याचे तुम्ही पूर्वी लेखी कळवले असेल तर त्याची पोच शोधा.

आणि एक अडचण तुमच्याच बाजूला आहे. पगार बंद झाला तेव्हा काहीतरी घडले हे तुम्हाला कळले होते. त्यानंतर लेखी विचारणा केली का? केली असेल तर तारीखवार द्या. तीन वर्षे एकही पत्र नसेल तर ‘माहीत नव्हते’ हे म्हणणे टिकवणे जड जाईल. प्रत हाती आल्यापासून मात्र आता दिवस घालवू नका. ४५ दिवसांत अपील करा आणि अपिलातच प्रत कधी व कशी मिळाली ते लिहा.

प्रश्न (पुणे): विलंब माफीचा अर्ज नेमका कसा लिहावा? माझा विलंब सुमारे चार वर्षांचा आहे.

मूळ अर्जापासून वेगळा, शपथपत्रासह. मॅटमध्ये हा मिसलेनियस अ‍ॅप्लिकेशन (किरकोळ अर्ज) म्हणून येतो, आणि तो मंजूर होईपर्यंत मूळ अर्ज बहुधा स्टॅम्प क्रमांकावरच, म्हणजे तात्पुरत्या नोंदीवरच, राहतो. समोरची बाजू मुदतीचा मुद्दा काढो वा न काढो, न्यायाधिकरणाने तो स्वतः पाहिलाच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली डी. सी. एस. नेगी प्रकरणात बजावले आहे. ‘सरकारी वकिलांनी हरकत घेतली नाही’ यावर विसंबू नका.

आधी दिवस मोजा. विलंब आदेशाच्या तारखेपासून मोजत नाहीत. मुदत संपल्याच्या दुसऱ्या दिवसापासून अर्ज दाखल होईपर्यंत मोजतात. अनेक अर्जांत हाच आकडा चुकलेला असतो आणि मग सुधारणा करण्यात तारखा जातात. एकदा आकडा पक्का झाला की तो काळ तुकड्यांत पाडा. समजा, पहिले आठ महिने आजारपण, पुढचे चौदा महिने चुकीच्या न्यायालयात, नंतर दहा महिने कागदपत्रे मिळेनात. प्रत्येक तुकड्याला एक परिच्छेद आणि प्रत्येक परिच्छेदाला किमान एक कागद. ज्या तुकड्याला कागद नाही तिथेच सरकारी वकील बोट ठेवतात.

कुठली कारणे पडतात? ‘आर्थिक परिस्थिती हलाखीची होती’: लगेच विचारणा होते की मोफत विधी सेवेसाठी अर्ज का केला नाही. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती, दिव्यांग आणि कमी उत्पन्नाच्या व्यक्तींना ती मिळते. ‘कायद्याचे ज्ञान नव्हते’: कार्यालयात वीस वर्षे काम केलेल्याने हे न लिहिलेलेच बरे. ‘वकिलांनी वेळेत दाखल केले नाही’: वकीलपत्राची तारीख, फी दिल्याची पावती, संदेश असे काही हाती असेल तरच. वैद्यकीय प्रमाणपत्र त्या त्या वेळचे हवे. आज एकाच दिवशी लिहून घेतलेले ‘चार वर्षे विश्रांतीचा सल्ला’ असे प्रमाणपत्र दिले तर सगळ्या अर्जावरचाच विश्वास उडतो. दवाखान्यात दाखल झाल्याचे कागद, तपासण्यांचे अहवाल, औषधांची बिले यांना वजन असते. आणि त्याच काळात तुम्ही जमिनीचा व्यवहार नोंदवला असेल किंवा निवडणूक लढवली असेल, तर ते समोर येणार हे धरून चला.

जवळजवळ प्रत्येक अर्जात १९८७ चा कातीजी निकाल उद्धृत केलेला असतो: विलंबाकडे तांत्रिक दृष्टीने पाहू नये, प्रत्येक दिवसाचे स्पष्टीकरण पंडिती बाण्याने मागू नये. तत्त्व आजही चांगलेच आहे. पण त्या प्रकरणातला विलंब चार दिवसांचा होता, हे उद्धृत करणारे सांगत नाहीत. चार वर्षांसाठी तो एकटा पुरणार नाही.

शेवटी प्रार्थनेत ‘विलंब माफ झाल्यास विलंबाच्या काळातील पगार मागणार नाही’ असे नमूद करण्याचा विचार वकिलांशी बोलून करा. शासनावर जुन्या पगाराचा बोजा पडणार नाही हे दिसले की माफीची शक्यता वाढते. अर्ज फेटाळला गेला तर तसाच दुसरा अर्ज करू नका. उच्च न्यायालयाच्या खंडपीठाकडे रिट याचिका हा मार्ग आहे, १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून.

प्रश्न (सोलापूर): मॅट, उच्च न्यायालय, कामगार न्यायालय यांत गोंधळ आहे. मी आधी दिवाणी दावा केला, चार वर्षांनी ‘अधिकारक्षेत्र नाही’ म्हणून तो परत आला.

राज्य शासनाचे कर्मचारी, पोलिसांसह: मॅट, मुंबईत मुख्य पीठ, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे. पोलिसांचे अपिलाचे नियम स्वतंत्र आहेत, तिथे वरचे ४५ दिवस गृहीत धरू नका. केंद्र शासन आणि रेल्वे: केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, एक वर्षाची मुदत तीच. जिल्हा परिषद कर्मचारी मॅटकडे जाऊ शकत नाहीत. १९६४ च्या जिल्हा सेवा नियमांनुसार अपील आणि मग उच्च न्यायालय. खासगी अनुदानित शाळेतले शिक्षक व शिक्षकेतर कर्मचारी: खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांविषयीच्या १९७७ च्या अधिनियमाच्या कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरण, आदेश मिळाल्यापासून अवघे ३० दिवस. एसटीचे चालक-वाहक १९७१ च्या अनुचित कामगार प्रथा कायद्याखाली कामगार न्यायालयात तक्रार करतात, ती ९० दिवसांत. शाळा आणि एसटी या दोन्ही ठिकाणी सबळ कारण असेल तर विलंब माफ होऊ शकतो.

तुमच्या दाव्याचा वेळ मुदत कायद्याच्या कलम १४ च्या तत्त्वावर वगळून मागता येतो. दावा प्रामाणिकपणे आणि दक्षतेने चालवला हे दाखवावे लागेल, म्हणून रोजनामा (प्रत्येक तारखेला न्यायालयात काय झाले त्याची नोंद) जोडा. तुमच्या गैरहजेरीने तो वारंवार तहकूब झाला असेल तर अडचण आहे. वगळला जातो तो दावा दाखल झाल्यापासून परत येईपर्यंतचाच काळ. दाव्याआधी वाया गेलेला वेळ आणि दावा परत आल्यानंतरचे महिने यांचे स्पष्टीकरण वेगळे द्यावे लागते. सरकारी वकिलांनी अधिकारक्षेत्राची हरकत पहिल्याच कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) घेतली होती आणि तरी तुम्ही चार वर्षे तिथेच राहिलात, असे असेल तर दक्षतेचा मुद्दा डळमळतो.

प्रश्न (मडगाव): गोव्यात राज्य न्यायाधिकरण नाही. मग आम्हाला एक वर्षाची अट नाही असे समजायचे का?

ठरावीक मुदत नाही, एवढेच. गोवा शासनाचे कर्मचारी मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठात रिट याचिका करतात आणि तिथे विनाकारण झालेल्या दिरंगाईवरून याचिका फेटाळता येते. चेन्नईच्या पाणीपुरवठा मंडळातील कर्मचाऱ्याच्या बडतर्फीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली चार वर्षांची दिरंगाईही क्षम्य मानली नाही. बढतीच्या एका वादात तर १९७४ सालीच न्यायालयाने ‘सहा महिने, फार तर एक वर्ष’ असे माप सांगितले होते. व्यवहारात तेच धरा.

प्रश्न (धुळे): पती २०१८ मध्ये बडतर्फ झाले, २०२३ मध्ये वारले. त्यांनी काहीच केले नव्हते. मी आता आव्हान देऊ शकते का?

कुटुंब निवृत्तिवेतन आणि इतर देय रकमांसाठी वारस म्हणून अर्ज करता येईल, पण मृत्यूने नवी मुदत सुरू होत नाही. पतींच्या हयातीतल्या विलंबाचेही स्पष्टीकरण तुम्हालाच द्यावे लागेल. पती दीर्घ काळ आजारी असतील तर त्याचे कागद हाच मुख्य आधार.

प्रश्न (ठाणे): तारसेम सिंग निकालाप्रमाणे ‘सततचा अन्याय’ असेल तर विलंब आड येत नाही, थकबाकी फक्त तीन वर्षांची मिळते. बडतर्फीला हे लावता येईल? दर महिन्याला पगार बुडतोच आहे.

२००८ चा तो निकाल अपंगत्व निवृत्तिवेतनाचा. चुकीची वेतननिश्चिती, कमी निवृत्तिवेतन, न दिलेला निर्वाह भत्ता यांत प्रत्येक महिन्याला चूक नव्याने घडते. बडतर्फी एकदाच घडते; पगार न मिळणे हा तिचा परिणाम आहे. त्यामुळे तो युक्तिवाद इथे चालत नाही. मात्र बडतर्फीआधीच्या निलंबनकाळातला निर्वाह भत्ता थकला असेल तर त्याची मागणी बडतर्फीच्या आव्हानात गुंतवू नका. स्वतंत्र अर्ज करा. बडतर्फीचा अर्ज मुदतीवर पडला तरी ती मागणी त्याच्याबरोबर बुडायला नको.